मैदानांवर कृत्रिम टर्फ अंथरण्यापूर्वी : महापालिका आयुक्तांना खुले पत्र

प्रति,
माननीय आयुक्त आणि उद्यान खाते,
बृहन्मुंबई महानगरपालिका.

विषय : सार्वजनिक मैदानांवर कृत्रिम टर्फ बसवण्याचा निर्णय घेताना खेळाडूंच्या दुखापतींचा विचार होण्याबाबत.

महोदय,

मी मुंबईच्या उपनगरात क्रीडा फिजिओथेरपिस्ट म्हणून काम करते. माझ्याकडे येणाऱ्या शाळा-कॉलेजच्या मुलामुलींमध्ये गुडघा किंवा घोटा दुखावलेल्यांचे प्रमाण सर्वांत मोठे असते. दुखापत कशी झाली हे विचारताना मी एक प्रश्न न चुकता विचारते, तो म्हणजे कुठे खेळत होतास. शाळेच्या पटांगणात, मातीच्या मैदानात, गच्चीवरच्या टर्फवर, की तासाच्या भाड्याने मिळणाऱ्या जाळीबंद बॉक्समध्ये? सांधा कोणत्या दिशेने पिळला गेला असेल याचा अंदाज बांधायला पायातले बूट आणि पायाखालची जमीन या दोन गोष्टी कळणे फार उपयोगी पडते.

मैदानांच्या नूतनीकरणाचा विषय निघाला की अलीकडे कृत्रिम टर्फची मागणी हमखास पुढे येते. पालकांना ते स्वच्छ वाटते, मुलांना दूरचित्रवाणीवरच्या मैदानासारखे दिसते, आणि देखभालीचा प्रश्न कायमचा मिटला असे लोकप्रतिनिधींना वाटते. या मागणीमागची कळकळ मला समजते. परंतु मैदानाचा पृष्ठभाग ठरवताना त्याचा खेळाडूच्या सांध्यांवर काय परिणाम होईल हे आधी मोजून पाहिले पाहिजे, आणि तसे मोजले तर मुंबईच्या खुल्या सार्वजनिक मैदानांसाठी नैसर्गिक गवत हाच पहिला पर्याय ठरतो, असे माझे ठाम मत आहे. ते मी या पत्रात कारणांसह मांडत आहे.

धावता धावता खेळाडू अचानक दिशा बदलतो तेव्हा बुटाचे स्टड, म्हणजे तळव्याचे खुंट, जमिनीत रुततात आणि रोवलेल्या त्या पायावर मांडी, कंबर आणि धड फिरते. खऱ्या गवतावर हा पीळ एका मर्यादेपलीकडे गेला की मुळांसकट मातीचा तुकडा उखडतो, पाय निसटतो, खेळाडू आडवा होतो आणि बहुतेक वेळा कपडे झटकून पुन्हा धावू लागतो. कृत्रिम टर्फची पाती मात्र खालच्या चटईत पक्की ओवलेली असतात आणि ती उखडत नाहीत. स्टड त्यांच्यात आणि पात्यांच्या मध्ये भरलेल्या रबराच्या दाण्यांत अडकून राहिला, तर न सुटलेला पीळ वर चढतो आणि त्याचा भार घोट्याच्या बाहेरच्या अस्थिबंधांवर किंवा गुडघ्याच्या आतल्या अँटिरिअर क्रुसिएट लिगामेंट या अस्थिबंधावर येतो. अशा दुखापतीत समोरच्या खेळाडूचा धक्का लागलेलाच असतो असे नाही. मुले सांगतात, ‘मॅडम, कुणी हातसुद्धा लावला नव्हता, मी नुसता वळलो.’

अशा एका सोळा वर्षांच्या मुलाची दुखापत मी जवळून पाहिली. तो ज्या भाड्याच्या टर्फवर खेळत होता त्याचे नाव येथे महत्त्वाचे नाही, कारण तशी टर्फ शहरभर आहेत. मी नंतर ती जागा पाहून आले. गोलपोस्टसमोरच्या पट्ट्यात रबराचे दाणे जवळजवळ उरलेच नव्हते, हिरवी पाती एका बाजूला लोळून चपटी झाली होती आणि दोन चटयांच्या जोडावर बोट आत जाईल एवढी फट पडली होती. मध्यभागी हाच थर जाड आणि भुसभुशीत होता. म्हणजे एकाच मैदानावर दहा पावलांच्या अंतराने जमिनीची पकड आणि तिचा कठीणपणा बदलत होता. मुलाच्या पायात धोबीतलावच्या दुकानातून हौसेने घेतलेले, मऊ गवतासाठी बनवलेले लांब स्टडचे बूट होते. तो चेंडू घेऊन वळला, पाय जागीच राहिला आणि गुडघ्यात ‘कट्’ असा आवाज झाला. दोन तासांत गुडघा सुजला. एमआरआय झाल्यावर घरच्यांनी मला फोनवर एवढेच सांगितले, ‘लिगामेंट गेलं.’

त्यानंतर शस्त्रक्रिया झाली. पहिल्या आठवड्यांत टाचेखाली टॉवेलची गुंडाळी ठेवून गुडघा सरळ करायचा आणि मांडीचा स्नायू आवळून दहापर्यंत आकडे मोजायचे, एवढाच व्यायाम असतो आणि तेवढ्यानेही धडधाकट मुलांच्या डोळ्यांत पाणी येते. शस्त्रक्रियेनंतर नऊ महिने पूर्ण होण्याआधी मैदानात उतरणाऱ्यांना पुन्हा गुडघा दुखावण्याचा धोका बराच अधिक असतो, हे नॉर्वेतील संशोधकांनी २०१६ मध्ये दाखवून दिले आहे, म्हणून आम्ही घाई करू देत नाही. शाळकरी खेळाडूच्या आयुष्यात नऊ महिने म्हणजे एक संपूर्ण हंगाम आणि बहुधा एक निवड चाचणी असते. मुलींच्या बाबतीत ही काळजी आणखी वाढते, कारण फुटबॉलसारख्या खेळांत गुडघ्याच्या या लिगामेंटची दुखापत मुलींना मुलांपेक्षा निदान दुप्पट प्रमाणात होते आणि सुदैवाने आता मुंबईच्या मैदानांवर मुली मोठ्या संख्येने येत आहेत.

एका मुलाच्या गुडघ्यावरून धोरण ठरवावे असे मी म्हणणार नाही, म्हणून उपलब्ध संशोधनाकडे वळते. अमेरिकेतल्या राष्ट्रीय फुटबॉल लीगच्या (तिथला फुटबॉल हा चेंडू हातात घेऊन धावण्याचा वेगळा खेळ आहे) २०१२ ते २०१६ या हंगामांतल्या दुखापतींचा अभ्यास २०१९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात दर खेळीमागे पायाच्या दुखापतींचे प्रमाण नैसर्गिक गवताच्या तुलनेत कृत्रिम पृष्ठभागावर १६ टक्क्यांनी अधिक आढळले. आपल्या फुटबॉलसंबंधीचे चित्र थोडे वेगळे आहे आणि ते प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. युरोपातल्या व्यावसायिक संघांवरच्या २००६ च्या एका अभ्यासात नव्या पद्धतीच्या टर्फवर एकूण दुखापती वाढलेल्या दिसल्या नाहीत, पण घोटा मुरगळण्याचे प्रमाण मात्र वाढलेले दिसले. पुढे २०२२ मध्ये ५३ अभ्यासांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला. पाऊल आणि घोट्याच्या दुखापती कृत्रिम टर्फवर अधिक होतात, तर गुडघा आणि खुब्याच्या दुखापतींचे प्रमाण सर्वसाधारण खेळाडूंमध्ये दोन्हीकडे सारखे असले तरी वरच्या दर्जाच्या खेळाडूंच्या गुडघ्यांना टर्फवर धोका अधिक असू शकतो, असा त्याचा निष्कर्ष होता. नैसर्गिक गवतावरच एकूण दुखापती जास्त होतात असे सांगणारे जे मोजके अभ्यास सापडले, त्या सगळ्यांना कृत्रिम टर्फच्या उद्योगाकडून अर्थसाहाय्य मिळाले होते, हेही त्याच आढाव्यात नोंदवले आहे. उद्या एखादा कंत्राटदार आपल्यासमोर संशोधनाचा कागद ठेवील, तेव्हा ही नोंद आपल्या अधिकाऱ्यांना माहीत असावी.

हे अभ्यास मुख्यतः अशा मैदानांवरचे आहेत जिथे टर्फ नियमित विंचरले जाते, दाण्यांची भर घातली जाते आणि खेळाडूंना योग्य बूट मिळतात. आपल्याकडे यातले काय घडते हे मी वर लिहिलेच आहे.

आता माझ्या मताविरुद्धचा सर्वांत वजनदार आक्षेप. मुंबईत टर्फची तुलना हिरव्यागार गवताशी होतच नाही, ती होते उघड्या, दगडी झालेल्या मुरमाशी. हा आक्षेप खरा आहे. आमच्या अनेक मैदानांत जानेवारीनंतर गवताचे पाते दिसत नाही, मुरूम लादीसारखा कठीण होतो, पडलेल्या मुलाचे ढोपर सोलवटते आणि मांडवासाठी खणलेल्या खड्ड्यात पाय जाऊन घोटा मुरगळतो. शिवाजी पार्कच्या लाल मातीची धूळ आजूबाजूच्या रहिवाशांनी किती वर्षे सोसली हे तर सर्वश्रुत आहे. अशा मैदानापेक्षा चांगले टर्फ बरे, असे एखाद्या प्रशिक्षकाने म्हटले तर मी त्याच्याशी वाद घालणार नाही. पण ते मैदान असे का झाले, हा प्रश्न त्यामुळे सुटत नाही. सभा, मेळावे, प्रदर्शने आणि लग्नसमारंभ यांसाठी मैदान दिले जाते, अवजड ट्रक आत येतात, माती दाबली जाते, आणि नंतर ती मोकळी करण्याची कुणाची जबाबदारी ठरलेली नसते. ज्या निधीतून चटई अंथरली जाईल त्यातून आधी माती दुरुस्त करता येईल. आणि ज्या मैदानात वर्षातून अनेकदा मांडव पडतात तिथे टर्फ टिकणार तरी किती? बांबूसाठी एकदा चटईला भोक पडले की तिथूनच ती उसवू लागते.

मुंबईच्या हवामानाचाही विचार टर्फ निवडताना झालेला दिसत नाही. प्लास्टिकची पाती आणि टायरच्या रबराचे काळे दाणे उन्हात तापतात. यूटामधील ब्रिगहॅम यंग विद्यापीठाने २००२ मध्ये केलेल्या मोजणीत त्यांच्या मैदानावरील कृत्रिम टर्फचा पृष्ठभाग तेथील डांबरी रस्त्यापेक्षाही अधिक तापलेला आढळला होता आणि पाणी मारल्यावर तो थंड झाला तरी वीसेक मिनिटांत पुन्हा तापला होता. नैसर्गिक गवत स्वतःतले पाणी बाष्परूपाने सोडत असल्यामुळे इतके तापत नाही. एप्रिल-मेच्या सुट्टीत, आपल्या दमट हवेत, दुपारी चारला शिबिरासाठी जमणारी आठ-दहा वर्षांची मुले जमिनीच्या अगदी जवळ असतात आणि त्यांतली कितीतरी अनवाणी खेळतात. टर्फवर घसरल्याने होणारी जखमही वेगळी असते. घर्षणाने कातडी भाजल्यासारखी निघते, तिच्यात रबराचे बारीक कण बसतात, आणि ती नीट धुतली नाही तर चिघळते. अमेरिकेतल्या त्याच लीगमधील सेंट लुईस रॅम्स या संघात २००३ च्या हंगामात खेळाडूंना औषधांना न जुमानणाऱ्या स्टॅफिलोकॉकस जंतूचा संसर्ग झाला, तेव्हा ते सगळे संसर्ग टर्फने सोललेल्या जागीच सुरू झाल्याचे आढळले होते. पावसाळ्यातल्या मुंबईत जखम कोरडी ठेवणे किती अवघड असते हे घराघरात माहीत आहे.

पावसाचा विषय निघालाच आहे म्हणून रबराच्या दाण्यांविषयी थोडक्यात लिहिते, कारण ते केवळ पर्यावरणाचे प्रकरण नाही. जोराच्या सरींबरोबर हे दाणे कडेला वाहत जाऊन गटारात आणि तिथून खाडीत पोहोचतात. दाणे गेले की पृष्ठभाग कठीण होतो आणि दुखापतीचा धोका वाढतो. युरोपीय संघाने सप्टेंबर २०२३ मध्ये सूक्ष्म प्लास्टिकवर निर्बंध आणताना अशा दाण्यांच्या विक्रीवर आठ वर्षांच्या मुदतीनंतर बंदी घातली आहे. जी वस्तू तिकडे बाजारातून हद्दपार होत आहे तिची नवी खरेदी आपण सार्वजनिक पैशातून करावी का, याचा विचार व्हावा.

कृत्रिम पृष्ठभागाला माझा सरसकट विरोध नाही. १९७६ च्या माँट्रिअल ऑलिम्पिकमध्ये हॉकी पहिल्यांदा कृत्रिम मैदानावर खेळली गेली, आणि त्याआधीच्याच वर्षी क्वालालंपूरला गवतावर विश्वचषक जिंकलेला आपला संघ तिथे सातवा आला. आज हॉकी त्याच पृष्ठभागावर खेळली जाते आणि चर्चगेटजवळच्या महिंद्रा स्टेडियमसारखी मैदाने शहराला हवीतच. छताखाली, उड्डाणपुलाच्या सावलीत किंवा इमारतीच्या पोडियमवर, जिथे ऊन पोहोचत नाही आणि गवत जगूच शकत नाही, तिथेही टर्फ हाच व्यवहार्य मार्ग असेल. खुद्द कृत्रिम टर्फची कीर्ती झाली ती अशाच अडचणीतून. ह्यूस्टनच्या ॲस्ट्रोडोम या छत असलेल्या स्टेडियममध्ये १९६५ मध्ये छत रंगवल्यामुळे ऊन अडले, गवत मेले, आणि १९६६ मध्ये त्याच्या जागी ही चटई आली. मुंबईच्या खुल्या मैदानांवर तर ऊन आणि पाऊस दोन्ही मुबलक आहेत. परदेशात ज्यांनी हौसेने खुल्या मैदानांवर टर्फ घातले त्यांच्यापैकी काही मागे फिरले आहेत. लंडनच्या क्वीन्स पार्क रेंजर्स क्लबने १९८१ मध्ये घातलेले टर्फ १९८८ मध्ये काढले, आणि नेदरलँड्सच्या सर्वोच्च लीगने २०२५-२६ च्या हंगामापासून कृत्रिम मैदाने बंद केली आहेत.

आता गवताविषयी. जगभरच्या उष्ण प्रदेशांतली क्रीडांगणे ज्या बर्म्युडा गवताच्या जातींवर उभी आहेत, ते गवत म्हणजे आपली हरळी. ती जमिनीखालून आणि जमिनीवरून कांड्यांनी पसरते, तुडवली तरी पुन्हा फुटते आणि पडलेला खड्डा स्वतः भरून काढते. तिला तीन गोष्टी लागतात, ऊन, मोकळी माती आणि अधूनमधून विश्रांती. दाबलेल्या मातीला पोकळ दातांच्या यंत्राने छिद्रे पाडून त्यांत वाळू भरणे, पाण्याचा उतार नीट काढणे आणि मैदानाचे भाग पाडून एकेक भाग दोरी लावून आलटून पालटून बंद ठेवणे, यांत अशक्य असे काही नाही. पिण्याचे पाणी यासाठी वापरावे असे मी म्हणत नाही. पावसाचे पाणी मुरवणाऱ्या रिंगवेल आणि प्रक्रिया केलेले सांडपाणी ही गरज भागवू शकतील. कौशल्यही शहरातच आहे. आझाद मैदान आणि क्रॉस मैदानावर क्लबांचे माळी पिढ्यान्‌पिढ्या खेळपट्ट्या राखत आले आहेत, आणि १९४८ पासून भर पावसाळ्यात खेळल्या जाणाऱ्या कांगा लीगने या शहराला ओल्या गवतावर खेळायला शिकवले आहे. या माळ्यांना उद्यान खात्याने सल्लागार म्हणून मानधन देऊन बोलवावे, ही माझी मनापासूनची सूचना आहे. मैदानाची नस त्यांच्याइतकी कुणाला कळत नाही.

जिथे टर्फ आधीच बसलेले आहे किंवा बसवणे अपरिहार्य आहे, तिथे निविदेतल्या अटी बदलण्याची विनंती आहे. सध्याच्या निविदांत क्षेत्रफळ, पात्यांची उंची आणि रंग यांवर भर असतो. खेळाडूच्या दृष्टीने त्याहून महत्त्वाच्या गोष्टी दोन आहेत, पृष्ठभाग आघात किती शोषतो आणि बूट फिरताना तो किती अडवतो. दोन्ही मोजता येतात. फिफाच्या २०१५ च्या निकषांत सर्वोच्च दर्जाच्या मैदानाने काँक्रीटच्या तुलनेत ६० ते ७० टक्के आघात शोषावा अशी अट होती, आणि ४६ किलो वजनाखाली स्टड लावलेली तबकडी फिरवून मोजलेला विरोध ३० ते ४५ न्यूटन-मीटरच्या (पिळाचा जोर मोजण्याचे एकक) आत असावा अशी दुसरी. आपल्या मैदानांसाठी थोडी सैल मर्यादा ठरवली तरी चालेल, पण मर्यादा असावी. टर्फखाली आघात शोषणारा थर बंधनकारक असावा, काँक्रीटवर थेट चटई चिकटवण्याला मनाई असावी. बसवताना एकदा आणि नंतर दरवर्षी पावसाळा संपल्यावर त्रयस्थ संस्थेकडून चाचणी व्हावी, आणि गोलपोस्टसमोरची जागा त्या चाचणीत आवर्जून घ्यावी, कारण झीज तिथेच सर्वाधिक होते. चाचणीत मैदान नापास झाले तर दोषदायित्व कालावधीत, म्हणजे कंत्राटदार दोषांना बांधील असतो त्या काळात, ते दुरुस्त करण्याचा खर्च कंत्राटदाराकडे राहावा आणि तोवर मैदान बंद ठेवावे. प्रवेशद्वाराशी कोणते बूट चालतील याचा फलक मराठीत, चित्रांसह लावावा. लांब स्टडचे बूट घालून टर्फवर उतरू नये, एवढी एक सूचना मुलांपर्यंत पोहोचली तरी माझ्याकडे येणारे काही गुडघे वाचतील.

भाड्याने चालणारी खासगी टर्फ महापालिकेच्या मालकीची नसली, तरी ज्या परवानग्यांच्या आधारे ती चालतात त्यांत वार्षिक चाचणीची अट घालता येईल का, हे विधी खात्याकडून तपासून घ्यावे. त्याचबरोबर महापालिकेच्या रुग्णालयांत खेळताना दुखावलेली मुले येतात तेव्हा नोंदवहीत एक रकाना वाढवावा : कोणत्या प्रकारच्या जमिनीवर खेळत असताना दुखापत झाली. या रकान्याला पैसे लागत नाहीत. दोन हंगामांत मुंबईचे स्वतःचे आकडे हाती येतील आणि पुढच्या निर्णयांसाठी आपल्याला अमेरिका-युरोपच्या अभ्यासांवर विसंबून राहावे लागणार नाही.

हरळी लावण्याचा योग्य काळ पहिल्या सरींनंतरचा असतो. त्याआधी प्रत्येक परिमंडळातून निदान एक मैदान निवडून तिथली माती मोकळी करण्याचे काम उन्हाळ्यात हाती घ्यावे, त्या मैदानांवर पावसाळ्याचे चार महिने आणि नंतरचे काही आठवडे मांडवांना परवानगी देऊ नये, आणि तोवर कृत्रिम टर्फचे नवे प्रस्ताव स्थगित ठेवावेत, अशी माझी विनंती आहे. निविदेच्या अटी तयार करताना किंवा रुग्णालयांच्या नोंदींचा नमुना ठरवताना माझ्या व्यवसायातल्या कुणाची मदत लागली, तर ती विनामूल्य देण्यास मी आणि माझे काही सहकारी तयार आहोत.

कळावे,

आपली विश्वासू,
एक क्रीडा फिजिओथेरपिस्ट,
मुंबई